नियमात बसणारी गाडी

सिटीचा, म्हणजे इथल्या नगरपालिकेचा, इन्स्पेक्टर टेप घेऊन आरव्हीभोवती फिरत होता आणि यतीन मनात म्हणत होता, काहीतरी नियमाबाहेर निघू दे बाबा, कुंपणापासून एखादा फूट तरी कमी भरू दे.

तक्रार त्यानंच केली होती. स्वतःच्याच गाडीची, नाव न सांगता.

करणार काय बिचारा! तो रिटायर झाल्यावर बायको, अहिल्या, एकदा म्हणाली, इतकी वर्षं इथे राहिलो, आता जरा अमेरिका बघूया. यतीननं हौसेनं ही आरव्ही, म्हणजे चाकांवरचं घरच, आणली. आत बेड, ओटा, बाथरूम, सगळं. पहिल्याच ट्रिपला शिकागोकडच्या हायवेवर तो दोन ट्रकांच्या मधे सापडला आणि मग घरी येईपर्यंत रामरक्षाच म्हणत राहिला. तरी "मजा आली," असं तो अहिल्येला म्हणाला. झालं! तेव्हापासून ती गाडीत डबे काय भरते, पडदे काय शिवते. मैत्रिणींना फोनवर सांगते, यांना भारी हौस. आता कुठल्या तोंडानं सांगायचं, की मला ही चालवायची भीती वाटते? तिचा सगळा जीव त्या गाडीत. सिटीनंच गाडी हलवायला लावली, तर निदान तिचं मन मोडल्याचं पाप आपल्या माथी नको.

इन्स्पेक्टरनं टेप गुंडाळला. गाडी घराच्या बाजूला, कुंपणाच्या आत, नंबर प्लेट चालू वर्षाची. सगळं नियमात बसतंय म्हणाला. यतीनचा चेहरा पडला.

"फक्त आत कुणी झोपत नाही ना?" इन्स्पेक्टरनं जाता जाता विचारलं.

"झोपलं तर?"

"मग गाडी इथे ठेवता येणार नाही."

यतीनला त्या माणसाला मिठी मारावीशी वाटली.

संध्याकाळी अहिल्या मैत्रिणीकडे जाते म्हणून बाहेर पडली. शेजारी अंगणात ग्रिल पेटवून बसले होते, म्हणजे साक्षीदारही तयार. यतीननं उशी काखोटीला मारली, पांघरूण घेतलं आणि हळूच गाडीचं दार उघडलं.

आतले सगळे दिवे चालू होते. पडदे सताड उघडे. आणि बेडवर, शेजाऱ्यांना नीट दिसेल अशी, अहिल्या गळ्यापर्यंत पांघरूण घेऊन झोपली होती.

ती दचकून उठून बसली. तिनं आधी त्याच्याकडे पाहिलं, मग त्याच्या उशीकडे.

"अहो," ती म्हणाली, "तुम्हालाही सिटीनं हेच सांगितलं?"