तेवीस नंबरचं घर

"ही चीर कधीची?" श्रीरंगनं भिंतीत बोट घालून विचारलं.

"थोरल्याच्या बाळंतपणाची," मनकर्णाबाई म्हणाली. "आता तो दोन लेकरांचा बाप हाय. तुला चिरेचं काय पडलंय, भाऊ?"

श्रीरंगनं चीर वहीत उतरवली. लांबी, रुंदी, आतून चाललेली मुंग्यांची रांगसुद्धा.

श्रीरंग औरंगपुऱ्यातल्या भिक्षुकाच्या घरचा. एकतीस वर्षं इटलीत सिनेमाचे सेट उभे करत होता. पहिली सात वर्षं रोमच्या स्टुडिओत त्यानं फक्त खोट्या भिंतींना ओल लावली. ब्रशनं. मग तुरुंग, चर्च, कोळ्यांची गावं बांधली, सगळी लाकडाची आणि पोत्यांची. पुढं कलादिग्दर्शक म्हणून पडद्यावर नाव यायला लागलं. दोन बक्षिसं मिळाली. त्यानं बांधलेलं एकही घर मात्र आज उभं नव्हतं. शूटिंग संपलं की पाडतात.

आताचा सिनेमा दुष्काळावर होता. दिग्दर्शकाला दौलताबादच्या मागची खापरवस्ती पसंत पडली, पण तिच्या गल्ल्यांत कॅमेऱ्याची गाडी शिरेना. म्हणून टेकडीपलीकडं तशीच दुसरी वस्ती उभी करायची ठरली. तेवीस घरं.

"हे बी काढायचं?" मनकर्णाबाईनं दाराशेजारी बोट दाखवलं. तिथं लाल रंगात २३ लिहिलं होतं. जानेवारीत तहसील कार्यालयाची माणसं येऊन घराघरावर आकडे मारून गेली होती. शहर वाढत होतं, नवा रस्ता येत होता. तेवीस घरं अतिक्रमण ठरली होती.

"भिंतीवर जे आहे ते सगळं काढायचं, मावशी."

वस्ती तीन पिढ्यांची. दर निवडणुकीत तिची मतं चालली. नकाशात मात्र ती नव्हती. मनकर्णाबाईचे थोरले दीर नानासाहेब चार वेळा कार्यालयात जाऊन आले.

"नकाशात नाय त्या गावाला तुमी सापडवणार कसं, साहेब?"

"आकडे मारलेत ना," साहेब फाइलीतून मान वर न करता म्हणाले. "आकडा दिसेल ते घर पडेल."

सेटला मात्र आठवड्यात परवानगी मिळाली. शिक्का मिळाला, पाटी मिळाली. शूटिंग होतं तोवर खोट्या गावाला रोज टँकर यायचा. खऱ्या गावाला आठवड्यातून एकदा, तोही आला तर.

मे महिन्यात इटलीची माणसं निघून गेली. श्रीरंग आवराआवरीला मागं राहिला. त्याच आठवड्यात नोटीस आली. शुक्रवारी सकाळी पाडकाम.

मनकर्णाबाई आणि नानासाहेब टेकडी ओलांडून त्याच्याकडं आले. बराच वेळ तिघं बोलत बसले.

"जमेल तेवढं सामान सेटवर आणा," शेवटी श्रीरंग उठत म्हणाला. "खाटा, मडकी, चुलीतली राख."

"राख कशापायी?" नानासाहेब म्हणाले.

"आणा हो, दादा."

दोन दिवस टेकडीवरून डोक्यावर बिऱ्हाडं चालली होती. गुरुवारी वस्तीवर टँकर आला. बायकांनी हंडे बाजूला ठेवले आणि त्या पाण्यात माती कालवून भिंती सारवायला घेतल्या. पार दारापर्यंत, हात भरून.

टँकरवाला बघतच राहिला. "येड लागलं का? प्यायला घोट नाय, अन् उद्या पडायच्या भिंतींना पाणी पाजता?"

"सारवल्याबिगर घर सोडायचं नाय, आमची रीत हाय," मनकर्णाबाई म्हणाली.

"त्याला काय कळतंय," शेजारची केसरबाई हात न थांबवता म्हणाली. "त्याची बायको फरशी पुसती."

शुक्रवारी साहेब आले. स्वतः वस्तीवर यायची ही त्यांची पहिलीच वेळ. नानासाहेब फाट्यावरच हात जोडून उभे होते. ते जीपच्या पुढं रडत चालले, जीप त्यांच्या मागं.

साहेबांनी काचेआडून आकडे मोजले. एक ते तेवीस. बरोबर होते.

जेसीबीवाला लासूर स्टेशनचा. त्यानं पहिल्या घराला मशीनचा दात लावला, घर खाली बसलं. तो थांबला. त्यानं मनकर्णाबाईकडं बघितलं. तिनं पदर तोंडाला लावला. त्यानं मशीन पुढं घेतलं.

तेविसाव्या घरापुढं मनकर्णाबाई आडवी पडली. "माझी बाळंतपणं इथं झाली रे," असा तिनं टाहो फोडला. दोन महिला पोलिसांनी तिला उचललं. धूळ एवढी उठली, की साहेबांनी काच खाली घेतलीच नाही.

"साहेब, ही घरं फुंकरीनंसुद्धा पडली असती," ड्रायव्हर म्हणाला.

"म्हणून तर पाडतोय. उद्या कुणाच्या अंगावर पडली असती तर?" साहेबांनी पंचनाम्यात लिहायला लावलं: बांधकाम कच्चे. तेवीस घरे निष्कासित.

श्रीरंग ढिगाऱ्याकडं बघत उभा होता. त्याचा चेहरा पडलेला होता. साहेबांना त्याची कीव आली.

"तुम्ही इटलीवाले ना? असं बघायची सवय नसेल तुम्हाला."

"आहे," श्रीरंग म्हणाला.

"तो सेट टेकडीपलीकडं ना? दाखवा की. घरी सांगितलंय, फोटो आणतो म्हणून."

जीप वळसा घालून पलीकडं गेली. तोंडावरच पाटी होती: चित्रीकरण स्थळ, परवानगी क्रमांक, शिक्का. साहेबांनी ती नीट वाचली. आत शेळ्या बांधलेल्या होत्या, एका चुलीवर भाकरी फुगत होती.

"हे कधी काढणार?"

"इतक्यात नाही. दिग्दर्शक पुढच्या भागासाठी परत येणार म्हणतोय."

"राहू द्या, राहू द्या. बाहेरच्या देशाचं काम आहे," साहेबांनी ड्रायव्हरला बजावलं. "इकडं कुणी मशीन आणायचं नाही. टँकरचंही बघा यांच्या."

फोटोसाठी ते एका घराशी उभे राहिले. कौतुकानं त्यांनी भिंतीवर जोरात थाप मारली आणि कळवळून हात झटकला. भिंत दगडाची होती.

"हुबेहूब," साहेब म्हणाले.