मोर्च्याच्या दिवशीची हजेरी

सत्त्याऐंशी साली निपाणीतल्या एका तंबाखूच्या वखारीत कॉम्प्युटर आला आणि तो चालवायला मालकांनी भीमसेनला ठेवलं. त्याची आई तानीबाई त्याच वखारीत तंबाखू निवडायची. तिच्या मजुरीवरच तो बेळगावात शिकला होता. माहिती कशी रचून ठेवावी आणि हवी तेव्हा कशी शोधून काढावी, यावरचं जाडजूड पुस्तक वाचून त्यानं सगळ्या बायांची हजेरी मशीनमध्ये भरली.

"कायबी इचारा मालक, लगेच सापडतंय," तो ऐटीत म्हणाला.

मालक खुर्ची ओढून शेजारी बसले. "मजुरीवाढीचा मोर्चा निघाला, त्या दिवशी कोण कोण कामावर न्हवतं, तेवढं काढ बघू."

त्या मोर्च्यात भीमसेनची आईपण गेली होती. मालक चहा सांगायला उठले तेवढ्यात त्यानं आईच्या नावापुढं 'हजर' घातलं आणि बाकीची नावं छापून मालकांच्या हातात दिली.

दुसऱ्या दिवशी भीमसेन जेवायला घरी आला होता, तेवढ्यात तानीबाईपण भर दुपारीच घरी आली. दाराला आतून कडी घालून ती तिथंच खाली बसली.

"मोर्च्यातल्या समद्या बायांना कामावरनं काढलं रं. मला एकटीलाच ठेवलंय."

"मग बरं झालं की, आई!"

बाहेर गल्लीत बायकांचा गलका वाढत चालला होता.




तानीबाईनं दाराला पाठ लावली. "त्यास्नी वाटतंय, नावं मीच सांगितली."