शेपटीचं अक्षर

आत्ता काय आहे

"एवढं एक अक्षर बदलते," काकू म्हणाल्या. "एसच्या जागी ए. कोण बघायला येतंय?"

"नको."

"अरे, तुझ्या बायकोची फाईल आहे ही!"

"म्हणूनच नको."

रुग्णालयाच्या कोडिंग विभागात दोघांची टेबलं समोरासमोर. डॉक्टरांनी लिहिलेल्या दुखण्याला ठरलेला कोड लावायचा आणि विमा कंपनीकडे पाठवायचा, एवढंच काम. कोडच्या शेवटी एक अक्षर. जखम ताजी असेल तर ए. जखम भरली, पण मागे काही ठेवून गेली, तर एस. त्या अक्षराला तो शेपूट म्हणायचा, म्हणून सगळा विभाग त्यालाच शेपूट म्हणायचा. आजवर त्याने एकही शेपूट चुकीचं लावलं नव्हतं.

क्रमही ठरलेला. आत्ता काय आहे. आधी काय झालं होतं. कशामुळे.

आत्ता असं होतं, की बायकोच्या उजव्या हाताची शेवटची दोन बोटं आखडून तळव्याकडे वळली होती. ती केस कापायची. कात्रीच्या कडीत बोट जात नव्हतं. पार्लरच्या मालकिणीने महिनाअखेरपर्यंत वाट बघते म्हणून सांगितलं होतं. मग तिची खुर्ची दुसरीला. ऑपरेशन केलं तर बोटं सुटतील, असं डॉक्टर म्हणाले होते. कंपनी मात्र विम्याआधीच्या जखमेचे उरलेसुरले परिणाम धरत नव्हती. ताजं भाजलं असेल, तर पहिल्या मलमापासून शेवटच्या टाक्यापर्यंत सगळं.

"मग सांग जाऊन तिला," काकू वैतागल्या. "म्हणावं, मी माझं शेपूट जपलं, तुझी बोटं तू बघ."

"जे नाही ते मी लिहिणार नाही, काकू. तुम्हालाही लिहू देणार नाही."

काकूंनी एसची कळ दाणकन दाबली आणि दिवसभर त्याच्याशी बोलल्या नाहीत.

आधी काय झालं होतं

काही मोठं नव्हतं, हेच तर. बायको तिच्या बहिणीचे केस सरळ करत असताना स्ट्रेटनर हातात उलटा आला. केसांचा तो तापता चिमटा. लाल दिव्याचा हिरवा झाला, की तापला. तळव्यावर एक चट्टा उठला. नळाखाली हात धरला, टूथपेस्ट लावली.

"एवढ्याशा भाजण्याला डॉक्टर कशाला?" असं ती म्हणाली होती की तो, हे दोघांनाही आठवत नसे. किंवा दोघंही आठवून बघत नसत.

जखम भरली. कातडी ओढत गेली. स्ट्रेटनर माळ्यावर गेला. तो लाल दिवा पुन्हा बघायचा नाही मला, असं ती म्हणायची.

कशामुळे

घरी जाताना तो औषधांच्या दुकानात थांबला. मलम, जाळीची पट्टी, दुखणं थांबवणाऱ्या गोळ्या.

"या, शेपूटराव," ती दारातच म्हणाली. "काकूंचा फोन आला होता. म्हणाल्या, तुझा नवरा म्हणजे हरिश्चंद्राचा अवतार."

"रागावलीस?"

"आधी चिक्कार रागावले. मग म्हटलं, खोटं बोलत नाही म्हणूनच केलं होतं ना ह्या येड्याशी लग्न?" ती हसली, पण डोळे पुसलेले दिसत होते. "डोकी धुवायचं काम देते म्हणाली मालकीण. त्याला बोटं लागत नाहीत."

"डोकी नाही धुवायची तू. तुझं ऑपरेशन होईल. एक अक्षर खोटं न लिहिता होईल."

"ते कसं?"

"आधी जेव."

जेवण झाल्यावर त्याने तिच्या हातावर दोन गोळ्या ठेवल्या.

"अरे, दुखत नाहीये."

"घेऊन ठेव."

तिने घेतल्या. तो स्टुलावर चढून माळ्यावर चाचपडू लागला.

"काय शोधतोयस?"

"तुझा स्ट्रेटनर."

"विकणारेस? चालतो तरी का बघ आधी. धूळ खाऊन मेला असेल."

"तेच बघतोय." त्याने वायर लावली. लाल दिवा लागला. तिने चटकन मान फिरवली.

तो तिच्याशेजारी येऊन बसला. तिचा उजवा हात मांडीवर घेतला, अंगठी काढून ठेवली, वळलेली बोटं एकेक करून चोळू लागला. ती सैलावली. डोळे मिटून त्याच्या खांद्यावर डोकं टेकलं.

"किती जपतोस रे माझ्या हाताला," ती म्हणाली.

दिवा हिरवा झाला. त्याने तिचं मनगट घट्ट धरलं.

"डॉक्टर विचारतील, कशामुळे भाजलं," तो हळूच म्हणाला. "ते तू सांग. मला खोटं बोलता येत नाही."