टेकडीवरून दिसणारं घर

एसटीतून उतरून सत्यवान घरी गेलाच नाही, सरळ टेकडीवर चढला. ऊन चांगलं होतं. चांगलं ऊन वाया घालवायचं नाही, ही त्याची जुनी खोड.

खाली खाडी, माडांची रांग, कापणी झालेली शेतं आणि कडेला त्याचं घर. हेच सगळं रंगवून रंगवून मुंबईत त्याचं नाव झालं होतं. तेही सहीचं नाव; खरं त्याने केव्हाच टाकलं होतं. नाव झाल्याशिवाय गावाला तोंड दाखवणार नाही, असं म्हणून तो पन्नास साली गेला होता. आता चौसष्ट उजाडलं होतं. चित्रं सगळी गावाची, पण गावाला पत्र एकही नाही. आज लिहू, उद्या लिहू. माणसाला वाटतं, घर कुठे पळून जातंय?

आज मात्र तो मथुराला न्यायला आला होता. लग्नानंतर जेमतेम वर्षभर नांदवलेली बायको. गिरगावात दोन खोल्या घेतल्या होत्या, पिशवीत तिच्यासाठी हिरवं लुगडं होतं. रुसेल, रडेल, पण येईल. त्याची खात्री होती.

खळ्यात एक बाई वाकून भात पसरत होती. पांढरं लुगडं, कपाळावर ओढलेला पदर. सत्यवानाचे डोळे भरून आले. वडील समुद्रात गेले, तेव्हापासून आईच्या अंगाला रंग लागला नव्हता. त्याने ब्रश पांढऱ्या रंगात बुडवला आणि आईला खळ्याच्या मधोमध उभं केलं. इतक्या वर्षांत असं चित्र जमलं नव्हतं. त्याला धन्य वाटलं.

"पावण्यांनू, बरा काढलास," मागून आवाज आला.

शेजारचा बाबली गवताचा भारा घेऊन उभा होता. सत्यवानाने त्याला लगेच ओळखलं. दाढी आणि चष्म्यामुळे बाबलीने मात्र याला ओळखलं नाही. सत्यवानाला गंमत वाटली.

"त्या घरातली म्हातारी अजून एवढी राबते?" त्याने परक्यासारखं विचारलं.

"म्हातारी? ती मेली. तेका चार वर्सां झाली."

सत्यवान मटकन खाली बसला. बाबलीला वाटलं, पाहुण्याला ऊन बाधलं.

"मग ही कोण? पांढऱ्या लुगड्यातली?"

"ती तिची सून, मथुरा." बाबलीने भारा खाली टेकला. "घोव मुंबयक गेलो, तो गेलोच. पत्र नाय, खबर नाय. बारा वर्सां तिना वाट बगल्यान. मगे भटान सांगल्यान, तसो तेचो दर्भाचो पुतळो करून जाळलो. तेच्या तेराव्याक मी पण जेवलंय."