या शेतातलं मत

"आधी मत टाका. लग्न नंतर."

एनॉस प्रॉल असं म्हणाला आणि मक्याची लापशी ढवळणाऱ्या हुल्डाचा हात थांबला. पंधरा दिवस ती जे केझियाच्या कानीकपाळी ओरडत होती, ते या पिंपं बनवणाऱ्यानं एका वाक्यात खोटं पाडलं होतं.

हुल्डा म्हणजे केझियाची नणंद. लग्न केलं नाही, जीभ मात्र धारेची. "वहिनी, तो तुझ्यासाठी येत नाही, तुझ्या मतासाठी येतो," असं तिचं रोजचं पालुपद. "स्क्वायर कॉर्सननंच पेरलाय त्याला. आज लग्न केलंस की उद्या शेत त्याचं, गाई त्याच्या, आणि तुझं मत गेलं चुलीत."

ती बोलत होती त्यात चूक काही नव्हती. आमच्या न्यू जर्सीत विधवेला किंवा बिनलग्नाच्या बाईला, तिच्या नावावर पुरेशी मालमत्ता असली तर, मत आहे. बाकीच्या राज्यांतले लोक हसतात आम्हाला. हसेनात का. पण बाईनं लग्न केलं की तिचं सगळं नवऱ्याचं होतं, आणि ज्याची मालमत्ता त्याचं मत.

केझियाला हे मत प्राणापेक्षा मोलाचं होतं. दोन वर्षांपूर्वी तिचा नवरा गॅरेट खानावळीत बसून राष्ट्राध्यक्षांच्या ढेरीवर काहीतरी विनोद करून गेला. तिथं सगळी चार माणसं. कुणी चुगली केली ते शेवटपर्यंत कळलं नाही. गावचा न्यायाधीश असलेल्या स्क्वायर कॉर्सननं त्याला राजद्रोही ठरवून तुरुंगात घातलं. तिथल्या तापानं पोखरलेला गॅरेट गाडीत घालून घरी आणला, तो आठ दिवस जगला. जाताना म्हणाला, "केझिया, या शेतातून त्या माणसाला एक मत जाता कामा नये. शब्द दे."

तिनं दिला. आणि आता तोच कॉर्सन काँग्रेसच्या, म्हणजे देशाच्या कायदेमंडळाच्या, जागेसाठी उभा होता.

"आणि तुम्हाला घाई नाही लग्नाची?" हुल्डानं एनॉसला विचारलं.

"बेचाळीस वर्षं थांबलो, हुल्डाबाई. एक सकाळ काय जड आहे?"

केझिया हसली. दोन वर्षांत पहिल्यांदा हसली असेल.

मतदान त्याच खानावळीत दोन दिवस चालायचं होतं. पहिल्या दिवशी गुडघाभर बर्फातून एनॉसनं तिला घसरगाडीत बसवून खानावळीपर्यंत नेलं. दारात कॉर्सनची माणसं उभी होती. टोपीला काळ्या फितीचं फूल लावलं की माणूस कॉर्सनचा, हे इथलं शेंबडं पोरही सांगेल. एनॉसची टोपी बिनफुलाची होती, नेहमीसारखी.

"काय रे एनॉस," त्यातला एक म्हणाला, "लगाम तुझ्या हातात की बाईच्या?"

"घोडा शहाणा असला की लगाम कुणाच्याही हातात चालतो," एनॉस म्हणाला. सगळे हसले.

आत मेजामागच्या अधिकाऱ्यानं विचारलं, "नवरा?"

"वारला. कसा ते कॉर्सनना विचारा."

अधिकाऱ्यानं वहीत नाव लिहिलं आणि पेटी पुढे सरकवली. केझियानं चिठ्ठी पेटीत टाकली. चिठ्ठीवर कॉर्सनच्या विरोधात उभ्या असलेल्या टेन आइकचं नाव होतं. मग बाहेर येऊन ती गाडीत बसली. एनॉसनं तिच्या गुडघ्यांवर घोंगडी घातली. तिथून दोघं सरळ पाद्रीबाबांकडे गेले आणि लग्न लावून घेतलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी डुकराचं मांस तळता तळता केझियाला एकदम सुचलं. "अहो, शेत आता तुमचं ना? मग मतही तुमचं की. पेटी आज संध्याकाळपर्यंत उघडी आहे."

एनॉस खाता खाता थांबला. "खरंच की. माझ्या लक्षातच नव्हतं. जन्मात कधी मत दिलं नाही मी."

"एका शेताची दोन मतं," केझिया म्हणाली. "गॅरेटला किती बरं वाटलं असतं."

तिनं शाईची दौत काढली, स्वतःच्या हातानं टेन आइकचं नाव लिहिलं, चिठ्ठीची चौघडी केली आणि एनॉसच्या हातात दिली. हुल्डा उठली, पेटाऱ्यातून गॅरेटचा लोकरी गळपट्टा काढला आणि स्वतः एनॉसच्या गळ्यात गुंडाळला.

"माझी जीभ झडो," ती म्हणाली. "माझ्या भावाची जागा वाया नाही गेली."

"त्याला मी ओळखत होतो," एनॉस म्हणाला. "चांगला माणूस होता."

तो संध्याकाळी परत आला. टोपीवर बर्फाचा थर होता. टोपी त्यानं खुंटीला अडकवली आणि घोड्याला चारा घालायला तबेल्यात गेला.

"दिलंत ना मत?" केझियानं दारातून विचारलं.

"दिलं की," तो तिकडून म्हणाला.

केझिया गुणगुणत टोपी घेऊन चुलीपाशी आली. वरचा बर्फ झटकला. आतून वाळावी म्हणून कातड्याची पट्टी उलटी केली, तर तिथून चिठ्ठी खाली पडली. तिचीच चौघडी, तिचीच शाई, न उघडलेली. पट्टीच्या आत अजून काहीतरी टाचणीनं टोचलेलं होतं. तिनं ते उजेडात धरलं. ते काळ्या फितीचं फूल होतं. नवं नव्हतं; वर्षानुवर्षांच्या घामानं विटून पार तांबूस पडलं होतं.