हुकलेला चेंडू

गुणाबाई बाकावरून ताडकन उठली आणि भर टॉकीजमध्ये ओरडली, "इसरू! अरे इसरू, इकडे पाह्य ना!"

पडद्यावर तिचा इसरू बॅट काखेत मारून मैदानात चालला होता. अंगात पांढरे कपडे, पायाला पॅड. मागची माणसं "बसा बाई, बसा" करू लागली. मुखरूने बायकोला हाताला धरून खाली बसवलं. तेवढ्यात चेंडू आला, इसरूची बॅट हुकली, मधली दांडी उडाली. इसरू मान खाली घालून निघून गेला आणि कुठल्याशा धरणाची बातमी सुरू झाली.

"पाह्यलं?" गुणाबाईचं तोंड उजळलं होतं. "अन् तुमी म्हनत होते, पोरगा गेला!"

पंचावन्न सालच्या श्रावणात नागपूरला शिकायला असलेला इसरू तिथेच तापाने गेला, तेव्हा मुखरू पोराच्या उशाशी होता. गुणाबाई मात्र आरमोरीलाच अडकली. वैनगंगेला पूर, पलीकडे नेणारा डोंगा सुटेना. तिला पोराचं तोंडही पाहायला मिळालं नाही. मग तिने एकच धरलं, मी पाह्यलं नाई म्हणजे थो मेला नाई. मुखरूने आणलेल्या अस्थी तिने घरात घेतल्या नाहीत. चार महिने अस्थींचं गाडगं अंगणाबाहेरच्या मोहाच्या झाडाला टांगलेलं होतं. नदीवर न्यायचं नाव काढलं की ती अंगावर धावून यायची.

मग गावच्या मास्तरांनी सांगितलं की चांद्याला सिनेमाआधी वार्तापट दाखवतात, त्यात मागल्या हिवाळ्यातला सामना आहे आणि इसरूही आहे. एकदा तोंड तरी पाहील बिचारी, म्हणून मुखरू तिला घेऊन आला होता. आणि हे असं होऊन बसलं. स्वतःच्याच हाताने केलेलं, सांगणार कुणाला?

"अवं, जुना खेळ हाय थो. फोटूच समज."

"फोटू चालते काऊन?"

दुसऱ्या दिवशी दुपारच्या खेळाला गुणाबाई नवं लुगडं नेसून सगळ्यांत पुढे बसली. पदरात मुरमुऱ्याचे लाडू बांधलेले. इसरू आला. आज तिने हाक मारली नाही, नुसती डोळे फाडून पाहत राहिली. चेंडू आला. बॅट हुकली. मधली दांडी उडाली. मान खाली घालून इसरू गेला.

सिनेमा सुरू व्हायच्या आतच ती उठून बाहेर आली आणि उन्हात पायरीवर बसली. मुखरू मागोमाग आला. कालचं तिचं उजळलेलं तोंड त्याच्या डोळ्यांपुढून हलत नव्हतं. खरं-खोटं गेलं खड्ड्यात, असं त्याला वाटलं.

"उद्या बी येऊ," तो म्हणाला. "रोज येऊ. भेटशीन त्याले."

"नाई. घरी चाला." गुणाबाईने पदर तोंडाशी धरला आणि तिला रडू फुटलं. चार महिन्यांत पहिल्यांदाच.

"थो जिता असता तं काल हुकलेला चेंडू त्यानं आज मारला असता."