मुंगीपुरती वाट

“पदवी आहे, सव्वीस वर्षांची नोकरी आहे, सगळं आहे. पण तिकडे जाऊन दिवसभर करणार काय, ते सांगा.”

व्हिसाच्या काउंटरमागच्या साहेबाने कंपनीचं पत्र बाईंपुढे सरकवलं. बाईंना ते पाठ होतं. साबण कोण घेतं, का घेतं, भाव थोडा चढला की कोण सोडतं, हे दुकानादुकानांतून गोळा करायचं आणि कंपनीला सांगायचं. मुदत तीन वर्षं. वर ठळक अक्षरांत पद छापलं होतं: अर्थतज्ज्ञ.

“त्यात लिहिलंय तेच करणार,” बाई म्हणाल्या. खोटं त्यांच्या जिभेवर चढतच नसे.

साहेबाने सुस्कारा सोडला आणि कोपरे झिजलेली एक पुस्तिका उघडली. “दोन्ही देशांचा करार आहे. अर्थतज्ज्ञाला कामाचा तात्पुरता व्हिसा मिळतो. पण खालचं पोटकलम ऐका. ‘बाजाराची पाहणी, ग्राहकांची आवड किंवा मालाची विक्री हे ज्याचं मुख्य काम आहे, त्याची पदवी, पद वा अनुभव काहीही असला, तरी तो या करारापुरता अर्थतज्ज्ञ धरला जाणार नाही.’”

कागदपत्रं कंपनीच्या वकिलाने केली होती. पोटकलम बघायचं त्यांच्या मनातही आलं नव्हतं. अर्थशास्त्रात जन्म गेलेल्या बाईने आपण अर्थतज्ज्ञ आहोत की नाही, हे कशाला तपासायचं?

“तुम्ही माझ्या आईच्या वयाच्या,” साहेब हळू आवाजात म्हणाला. “तुम्हाला परत पाठवायचं माझ्या जिवावर येतंय. हा कोरा कागद घ्या. या पोटकलमातून तुम्ही कशा सुटता, ते अर्ध्या तासात लिहून द्या. पळवाट सापडली तर शिक्का मी मारतो. अकरा वर्षं इथे बसतोय, अजून कुणाला सापडलेली नाही.”

बाकावर नवरा दोघांचे कोट मांडीवर घेऊन बसला होता. बाई पुस्तिका आणि कागद घेऊन शेजारी बसल्या.

“काय म्हणतात साहेब?” नवऱ्याने विचारलं.

“परीक्षा घेतायत.” बाईंनी पोटकलमावर बोट ठेवलं.

त्याने वाचलं आणि उगाचच हसला. “एवढंच ना? अख्खं नियोजन खातं तुला गवंडी म्हणायचं. तुझ्या नियमात मुंगी शिरत नाही म्हणायचे. जन्मभर भिंती बांधल्यास, आज एक पाड.”

बाई हसल्या नाहीत. खातं बंद होऊन चौदा महिने झाले होते. पन्नाशी उलटलेल्या बाईला दुसरं कोण विचारतं? विचारलं ते या साबणवाल्यांनी, तेही नेमकं लेकीच्या शहरात. लेक तिकडे एकटी, पदरात पाच महिन्यांचं पोर, नवरा सोडून गेलेला. पाहुणे म्हणून गेलं तर महिनाभरच राहता यायचं. व्हिसा मिळाला तर तीन वर्षं. बाई नोकरी करतील, आजोबा नातू सांभाळतील, लेक पुन्हा पायांवर उभी राहील, असं ठरलं होतं. काल फोनवर लेक एवढंच म्हणाली होती, “आई, सोमवारपर्यंत मी कशीबशी तग धरते. मग तू आहेसच.”

बाईंनी पेन उघडलं. पदवीच्या बाजूने शिरावं म्हटलं, तर पदवीचा शब्द तिथे आधीच आडवा होता. पदाच्या बाजूने जावं, तर पद आडवं. मग सव्वीस वर्षांचा अनुभव? तोही. आणि एखादा दमडीचा हक्क कुठे उरला असेलच, तर तो ‘काहीही असला, तरी’ने झाडून काढला होता. एकही शब्द जादा नाही, एकही सैल नाही. लिहिणारा पक्का होता. बाईंना त्याही अवस्थेत त्या हाताचं कौतुक वाटलं.

मग त्यांनी ते वाक्य ओठातल्या ओठात पुन्हा म्हटलं आणि पेन कागदावरच थांबलं.

एक लांब टेबल त्यांना आठवलं. बावीस वर्षं झाली असतील. दोन्ही देशांची माणसं, मधोमध थंड झालेल्या चहाचे कप. असे शेकडो मसुदे त्या टेबलावरून गेले होते. एक म्हातारे सभासद काकुळतीने म्हणाले होते, “अहो, बाजाराच्या पाहणीवाल्यांनाही पोट आहे. त्यांच्यासाठी एक खिडकी तरी ठेवा.” त्यावर समितीतली सगळ्यात लहान सभासद फटकन म्हणाली होती, “साबण विकणाऱ्यांना खिडकी कशाला? त्यांनी दुकानाच्या दारातून जावं.” अख्खं टेबल हसलं होतं. म्हातारे एकटे हसले नव्हते.

“सुचलं काही?” नवऱ्याने विचारलं.

बाईंनी पेनाचं टोपण लावलं. त्या उठल्या, काउंटरपाशी गेल्या आणि कागद होता तसा कोराच पुढे केला.

साहेबाने घड्याळाकडे पाहिलं. “अजून बारा मिनिटं आहेत, मॅडम. नीट शोधा. कुठेतरी मुंगीपुरती तरी वाट असेल.”

“नाही सापडायची, साहेब,” बाई म्हणाल्या. “दोन दिवस बसून मीच बुजवलीय.”